चिरेखाणीतील तळे आणि गोड्या पाण्यातील मासे : राजापूर तालुक्यातील एक प्रकरण अभ्यास

रत्नागिरी जिल्ह्यातील राजापूर तालुक्यात, सड्यावरच्या (जांभ्या दगडाच्या उघड्या पठारावरच्या) एका गावी, सुमारे दहा गुंठ्यांची एक जुनी चिरेखाण, म्हणजे जांभ्याचे चिरे कापून काढलेली खाण, आहे. चिरे काढण्याचे काम थांबून बरीच वर्षे झाल्याने दर पावसाळ्यात ती पाण्याने भरते आणि उन्हाळ्यात आटते. मुंबईतील नोकरीतून निवृत्त होऊन गावी परतलेल्या जमीनमालकांनी या खाणीत रोहू, कटला आणि मृगळ सोडून घरच्या जमिनीतून काही उत्पन्न मिळवण्याचे ठरवले. पहिल्या वर्षी त्यांनी तीन हजार मासे सोडले आणि त्यांतील बहुतेक गमावले. दुसऱ्या वर्षी केवळ सहाशे सोडले आणि त्यांतून दोनशे किलोंच्या आसपास मासळी काढली. या दोन वर्षांमध्ये नेमके काय बदलले, याची ही नोंद आहे. पहिल्या वर्षीच्या नोव्हेंबरात मालकांनी सल्ल्यासाठी बोलावले, तेव्हापासून या तळ्याशी माझा संबंध आला. त्याआधीचा वृत्तान्त त्यांच्या वहीतील नोंदींवरून आणि घरच्या माणसांच्या सांगण्यावरून लिहिला आहे.

मांडायचा मुद्दा एकच आहे. कोकणातील खासगी तळ्यात मासे सोडताना सर्वसाधारणपणे पहिला प्रश्न ‘किती बीज टाकायचे’ असा विचारला जातो. वास्तविक पहिला प्रश्न पाण्याचा आहे. ते किती महिने टिकते, पावसाळ्यात किती वेळा वाहून बदलते आणि त्याच्या अंगी कस किती आहे, हे कळल्यावर बीजाची संख्या, आकार आणि सोडण्याची तारीख आपोआप ठरत जाते. या प्रकरणात जे नुकसान झाले ते जवळजवळ सगळे हा क्रम उलटा लावल्यामुळे झाले.

खाणीची रचना

चिरेखाणीतले तळे हे खणलेल्या शेततळ्यासारखे नसते. चिरे कापून काढल्यामुळे त्याच्या भिंती उभ्या असतात, तळ पायऱ्यापायऱ्यांचा असतो आणि उथळ काठ जवळजवळ नसतोच. या खाणीत उत्तरेकडील अर्ध्या भागात चिरे काढता काढता जांभ्याचा थर संपून खालची शेडी, म्हणजे जांभ्याखालची माती, लागली होती. दक्षिणेकडचा भाग मात्र जांभ्यावरच थांबला होता. शेडी चिकट असल्याने पाणी धरते आणि जांभा सच्छिद्र असल्याने पाणी सोडतो, त्यामुळे पावसाळा संपताच दक्षिण भागातील पाणी झपाट्याने उतरते, तर उत्तरेकडच्या खळग्यात ते एप्रिलपर्यंत राहते. हे मालकांच्या घरातील सर्वांना माहीत होते, कारण गुरे पाण्यावर नेताना ते दरवर्षी पाहिलेले होते. तळ्याचे आयुष्य किती महिन्यांचे, हा प्रश्न कोणत्याही उपकरणाशिवाय त्यांच्या आईने एका वाक्यात सोडवला होता : “शिमग्याक दक्षिणेची बाजू कोरडी, आणि आंबे उतरूक लागले की उत्तरेचीही संपली.” मासे सोडण्याच्या योजनेत या वाक्याचा विचार कोणी केला नव्हता.

पाण्याच्या कसाविषयी थोडे विस्ताराने सांगणे आवश्यक आहे, कारण जांभ्याच्या प्रदेशातील तळ्यांचे खरे दुखणे तेथे आहे. लाखो वर्षांच्या मुसळधार पावसाने जांभ्यातील चुन्याचा आणि मॅग्नेशियमचा अंश धुऊन गेलेला असतो आणि मागे प्रामुख्याने लोह व ॲल्युमिनियमची ऑक्साइडे उरतात. अशा दगडावर साचलेले पावसाचे पाणी मृदू आणि किंचित आम्लधर्मी असते. पाण्याची क्षारता, म्हणजे सामूमधील (पीएचमधील) चढउतार सहन करण्याची पाण्याची ताकद, लिटरला वीस मिलिग्रॅमच्या खाली असेल तर ते पाणी मत्स्यसंवर्धनासाठी निकस समजले जाते. या खाणीतील पाण्याची क्षारता त्याहूनही कमी आढळली. शिवाय लोह आणि ॲल्युमिनियम स्फुरदाला धरून ठेवतात, त्यामुळे तळ्यात घातलेल्या सुपर फॉस्फेटचा मोठा भाग तळाशी अडकून पडतो आणि सूक्ष्म वनस्पतींच्या वाट्याला येत नाही. परिणामी पाणी काचेसारखे नितळ राहते. मालकांना हीच जमेची बाजू वाटत होती. “पाणी इतके स्वच्छ आहे, मग माशांना त्रास कसला?” असे त्यांनी पहिल्याच भेटीत विचारले. माणसाला पिण्यासाठी नितळ पाणी हवे असते. कटला मात्र पाण्यात तरंगणाऱ्या सूक्ष्म प्राण्यांवर जगतो आणि नितळ पाण्यात त्याच्यासाठी काहीही नसते. तळ्यात हात कोपरापर्यंत बुडवल्यावर तळवा जेमतेम दिसेनासा होतो इतपत हिरवट पाणी माशांना मानवते. येथे पाणी आटेपर्यंत तळाची पायरीसुद्धा स्पष्ट दिसत असे.

पहिले वर्ष

पहिल्या वर्षी जूनच्या मध्यास, पाऊस सुरू होऊन खाण निम्मी भरताच, तीन हजार बीज आणले गेले. विक्रेत्याने ते ‘बोटुकली’ म्हणून विकले होते. वहीत चिकटवलेल्या पावतीवरही तोच शब्द होता. परंतु घरच्यांनी बोटाच्या पेराने दाखवलेल्या लांबीवरून ते जेमतेम अडीच सेंटिमीटरचे मत्स्यबीज होते असे दिसते. मत्स्यजिरे, मत्स्यबीज आणि बोटुकली या माशाच्या पिल्लाच्या वाढत्या आकाराच्या तीन अवस्थांमधील फरक केवळ नावाचा नाही. बोटुकली आठ ते दहा सेंटिमीटरची असते आणि तोवर ती बहुतेक पाणकिड्यांच्या तोंडात मावेनाशी झालेली असते. अडीच सेंटिमीटरचे पिल्लू चतुराच्या अळीचे, पाणढेकणाचे, बेडकाचे आणि खंड्याचेही भक्ष्य ठरते. विकत घेणाऱ्याने पिशवीतील दहा पिल्ले पट्टीवर मोजून घ्यावीत आणि मगच पैसे द्यावेत, हा साधा नियम पाळला असता तर पुढचे अर्धे नुकसान टळले असते.

पिशव्या टेंपोतून भर दुपारी पोहोचल्या. पिशवीत एक तृतीयांश पाणी आणि उरलेल्या भागात प्राणवायू भरलेला असतो. अशा पिशवीत मासे काही तास सुखरूप राहतात, मात्र उन्हात तिचे पाणी तापते. पिशव्यांची तोंडे सोडून मासे सरळ खाणीत ओतण्यात आले. तापलेल्या, क्षारयुक्त पाण्यातून पावसाच्या थंड, मृदू पाण्यात एका क्षणात पडलेल्या पिल्लांपैकी बरीच त्याच संध्याकाळी काठाशी मरून तरंगताना दिसली. किती मेली हे कोणी मोजले नाही. एका घमेल्यात भरून टाकून दिली, एवढेच घरच्यांना आठवते.

दुसरे नुकसान डोळ्यांना दिसले नाही. खाणीत आधीपासून मरळ हे इतर माशांना खाणारे मासे होते. मरळ हवेतून श्वास घेऊ शकतो आणि पावसात ओल्या गवतावरून सरपटत एका पाण्यातून दुसऱ्या पाण्यात जाऊ शकतो, त्यामुळे मळ्यालगतच्या कोणत्याही खाणीत तो सापडतो. ऑक्टोबरात पाग (हाताने फेकायचे जाळे) टाकला तेव्हा पहिल्या फेकीत रोहू एकही आला नाही, मात्र हाताच्या लांबीचे दोन मरळ आले. त्यांच्या पोटात काय गेले असेल, याचा अंदाज बांधायला वेगळ्या परीक्षेची गरज नव्हती.

तिसरे नुकसान सर्वांत मोठे होते आणि कोकणाबाहेर छापलेल्या माहितीपुस्तिकांमध्ये त्याचा क्वचितच पुरेसा विचार असतो. रत्नागिरी जिल्ह्यात वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. दहा गुंठे म्हणजे सुमारे एक हजार चौरस मीटर. सरासरी अडीच मीटर खोली धरली तर खाणीत अडीच हजार घनमीटर पाणी मावते. तीन मीटर पाऊस केवळ खाणीच्या तोंडावर पडला तरी तो तीन हजार घनमीटर होतो, म्हणजे आभाळातून थेट पडणारे पाणीच खाणीच्या क्षमतेहून जास्त आहे. त्यात वरच्या अंगाचा सुमारे एक एकर उघडा सडा खाणीत उतरतो. त्याचे निम्मे पाणी जरी वाहून आले तरी आणखी सहा हजार घनमीटर जमा होतात. थोडक्यात, एका पावसाळ्यात खाणीत येणाऱ्या नऊ हजार घनमीटरपैकी साडेसहा हजार घनमीटर सांडव्यावरून बाहेर पडते. पाण्यासोबत चुना जातो, शेण जाते, सूक्ष्म जीव जातात आणि अडवणूक नीट नसेल तर मासेही जातात.

सांडव्यावर नायलॉनच्या दोरीचे जाळे बांधलेले होते. जुलैच्या मुसळधारेत एका रात्री आईनाची आणि काजूची पाने त्यावर अडकून ते गच्च झाले, पाणी तुंबले आणि शेजारचा मातीचा बांध फोडून त्याने नवी वाट काढली. सकाळी खालच्या मळीत, लावणी झालेल्या भातात, मुलांना बोटाएवढे मासे सापडले. वरून येणाऱ्या प्रवाहाची चाहूल लागताच रोहू आणि मृगळ त्याच्या उलट दिशेने चढू पाहतात, तेव्हा सांडव्याबरोबरच पाणी आत येण्याच्या वाटेवरही अडसर लागतो. तो तर मुळीच नव्हता.

या फुटीचा परिणाम मालकांच्या खिशापुरता मर्यादित राहत नाही, असे मला आग्रहाने सांगावेसे वाटते. खाणीचे पाणी पऱ्ह्यात (ओढ्यात) आणि पऱ्ह्याचे पाणी नदीत जाते. रोहू, कटला, मृगळ हे मूळचे गंगेच्या खोऱ्यातील मासे आहेत. सह्याद्रीतून पश्चिमेकडे वाहणाऱ्या आपल्या आखूड नद्यांमध्ये ते मुळात नव्हते. मृगाच्या पहिल्या सरींबरोबर आपल्याकडे चढणीचे मासे वर येतात. ज्या पाण्यावर त्यांची वीण अवलंबून असते, त्याच पाण्यात आपण दरवर्षी परके मासे निसटू देत असू, तर ते योग्य नाही. याच कारणासाठी मालकांनी पुढे तिलापियाचा विषय काढला तेव्हा मी स्पष्ट नकार दिला. तिलापिया साठलेल्या पाण्यात आपोआप वितो आणि एकदा बाहेर निसटला की परत घेता येत नाही. थाई मांगूर म्हणून विकला जाणारा आफ्रिकन मांगूर तर आपल्या देशात बंदी असलेलाच मासा आहे. तो स्वस्तात देऊ करणाऱ्याच्या दारी जाऊच नये.

नोव्हेंबरातील संकट

माझी पहिली भेट नोव्हेंबरात झाली. तीन दिवस आभाळ भरून होते आणि पहाटे मासे पाण्याच्या वर येऊन तोंडे उघडत होते. मालकांना एखादा रोग असावा अशी शंका होती. पाण्याला हलका कुजका वास येत होता आणि उत्तरेच्या खळग्यात काठी घातली असता ती काळपट, चिकट गाळ घेऊन वर आली. ज्या खाणीच्या तळाशी एरवी उघडा जांभा किंवा शेडीच असते तेथे हा गाळ कोठून आला, हा प्रश्न होता.

उत्तर खाद्याच्या वहीत सापडले. शेंगदाणा पेंड आणि भाताचा कोंडा सम प्रमाणात मिसळून मालक दररोज सुमारे नऊ किलो खाद्य टाकत होते. हिशेब त्यांनी पुस्तकातून नीट मांडला होता : तीन हजार मासे, प्रत्येकी शंभर ग्रॅम, एकूण तीनशे किलो, त्याचे तीन टक्के म्हणजे नऊ किलो. गणितात चूक नव्हती. मात्र गणित विकत घेतलेल्या माशांचे होते, पाण्यात उरलेल्या माशांचे नव्हते. चार ठिकाणी पाग टाकून, मिळालेल्या माशांचे वजन करून आणि खाद्याच्या जागी जमणाऱ्या माशांचे निरीक्षण करून आम्ही संख्या साडेतीनशेच्या आसपास धरली. प्रत्येकाचे सरासरी वजन पाव किलो होते. म्हणजे पाण्यात नव्वद किलोंच्या आत मासळी होती आणि तिला पावणेतीन किलो खाद्य पुरेसे होते. उरलेले सहा किलो दररोज तळाशी कुजत होते. कुजणे म्हणजे प्राणवायूचा खर्च. स्वच्छ उन्हात सूक्ष्म वनस्पती तो भरून काढतात, तीन दिवसांच्या ढगाळ हवेत काढू शकल्या नाहीत, म्हणून पहाटे मासे वर आले.

उपाय साधा होता. खाद्य चार दिवस पूर्ण बंद केले, विहिरीच्या पंपाने पाणी उंचावरून फवाऱ्यासारखे पाडले आणि पहाटेची वेळ सांभाळली. एकही औषध वापरले नाही. त्यानंतर खाद्य देण्याची पद्धत बदलली. तळाला छिद्रे पाडलेल्या दोन गोण्या, आत भिजवलेल्या पेंड-कोंड्याचे गोळे, आणि पाण्यात हातभर खोल लटकवण्यासाठी दोरी. सकाळी लावलेली गोणी दोन तासांनी वर ओढून पाहायची. रिकामी आली तर दुसऱ्या दिवशी मूठभर वाढवायचे आणि आत गोळा शिल्लक राहिला तर तेवढेच कमी करायचे. मालकांच्या सूनबाई हे काम करू लागल्या आणि आठवडाभरात खाद्य तीन किलोंवर येऊन स्थिरावले. माशांनी स्वतः सांगितलेला हा आकडा आमच्या अंदाजाशी इतका जवळ आला की पुढच्या काळात मी संख्येच्या अंदाजाहून गोणीवरच अधिक विश्वास ठेवला.

त्या वर्षी उरलेले मासे संख्येने कमी असल्याने चांगले वाढले आणि त्यामुळेच मालकांचा उत्साह टिकला. “पुढच्या वर्षी पिल्ले यांचीच होतील ना?” असे त्यांनी विचारले. तशी होणार नव्हती. रोहू, कटला, मृगळ नदीच्या पुरात वितात आणि साठलेल्या तळ्यात ते अंडी घालत नाहीत. 10 जुलै 1957 रोजी ओडिशात अंगुल येथे डॉ. हिरालाल चौधुरी आणि डॉ. अलिकुन्ही यांनी पीयूष ग्रंथीच्या अर्काचे इंजेक्शन देऊन या माशांचे प्रेरित प्रजनन यशस्वी केले, तेव्हापासून देशात बीजकेंद्रांतून बीज मिळू लागले. 10 जुलै हा दिवस राष्ट्रीय मत्स्यशेतकरी दिन म्हणून पाळला जातो तो याच कारणाने. तळेमालकाने दरवर्षी बीज विकत घ्यावे लागेल, हा खर्च आरंभीच धरून चालावा.

दुसऱ्या वर्षाची आखणी

दुसऱ्या वर्षाची आखणी मे महिन्यात सुरू झाली. खाण आटून उत्तरेच्या खळग्यात वीसेक घनमीटर पाणी उरले तेव्हा ते पंपाने उपसून मरळ हाताने धरले. ते घरी आणि शेजारी आनंदाने खाल्ले गेले. भरलेल्या खाणीत हेच काम मोहाच्या पेंडीने करायचे म्हटले असते, तर घनमीटरला अडीचशे ग्रॅम या मात्रेने सहाशे किलोंहून अधिक पेंड लागली असती आणि विषाचा अंश उतरण्यासाठी तीन आठवडे थांबावे लागले असते. तळे आटते ही मालकांची तक्रार होती, पण वर्षातून एकदा तळ कोरडा पडून उन्हाने भाजून निघणे हा या खाणीचा मोठा गुण आहे. त्या काळात काळा गाळही घमेल्यांनी उचलून आंब्याच्या झाडांना घातला गेला.

दुसरे काम पाण्याची वाट बदलण्याचे होते. सड्याच्या बाजूला फुटक्या चिऱ्यांचा आणि शेडीचा गुडघाभर उंचीचा बांध घालून वरचे पाणी थेट पऱ्ह्याकडे वळवले. बांधात एक तोंड ठेवले, ज्यावर फळी लावता येते. जून-जुलैत फळी काढून खाण भरून घ्यायची आणि भरली की फळी लावून सड्याचे पाणी बाहेरच्या बाहेर काढायचे. त्यामुळे सांडव्यावरून जाणारे पाणी फार कमी झाले. सांडव्याची जाळीही बदलली. हातभर रुंदीच्या उभ्या जाळीऐवजी तीन मीटर लांबीची, चिव्याच्या (बांबूच्या) कामट्यांची, पाण्याकडे कललेली जाळी बसवली. पावसाळी मासे धरण्याचे बांबूचे सापळे विणणारे गावातील एक वृद्ध कारागीर होते. त्यांनी दोन दिवसांत ती विणून दिली आणि कामट्या आडव्या न लावता उभ्या लावल्या म्हणजे पाने वर सरकून साचतात, पाणी खालून जाते, हे स्वतःहून सुचवले. मुसळधार पावसात रोज सकाळी दाताळ्याने पाने ओढण्याचे काम तरीही राहतेच.

बीजाविषयीचा निर्णय या सगळ्यावरून निघाला. ज्या महिन्यांत पाणी वाहून जाते त्या महिन्यांत खाणीत मोकळे मासे सोडण्यात अर्थ नव्हता. दुसरीकडे बीजकेंद्रांत बीज मिळण्याचा मुख्य काळ जून ते ऑगस्ट हाच असतो. हा पेच हाप्याने सुटला. हापा म्हणजे मच्छरदाणीसारख्या कापडाची, वरून उघडी, बांबूंना बांधून पाण्यात सोडलेली पेटी. जुलैत आठशे मत्स्यबीज आणून दोन हाप्यांत ठेवले. आतील पिल्ले पाणकिड्यांपासून, मरळापासून आणि सांडव्यापासून सुरक्षित राहिली. वरून जाळे पसरल्याने खंड्याही दूर राहिला. कापडावर शेवाळ धरून पाणी खेळेनासे होते, म्हणून आठवड्याला मऊ ब्रशने हापा घासणे आवश्यक असते. चाळलेली पेंड आणि कोंडा एवढेच खाद्य दिले.

या वेळी पिशव्या पहाटे आणल्या. न सोडता त्या पंधरा-वीस मिनिटे हाप्यातच तरंगत ठेवल्या, मग तोंड सोडून तांब्याने खाणीचे पाणी थोडे थोडे आत घातले, आणि अर्ध्या तासाने पिशवी आडवी करून धरली. पिल्ले स्वतः पोहत बाहेर आली. शेवटची दोन-चार आत घुटमळत राहिली, त्यांनाही ओतले नाही.

सप्टेंबरच्या मध्यास पावसाचा जोर ओसरल्यावर चुना दिला. अडीच हजार घनमीटर पाण्याची क्षारता लिटरला तीस मिलिग्रॅमने वाढवायची तर सर्व चुना विरघळला असे धरूनही पंचाहत्तर किलो लागतो, म्हणून शंभर किलो डोलोमाइट (चुना आणि मॅग्नेशियम असलेल्या दगडाची भुकटी) दोन हप्त्यांत पसरले. कळीचा चुना वापरला नाही. तो सामू एकदम चढवतो आणि हाप्यात मासे असताना ते धोक्याचे होते. आपल्या किनाऱ्यावर पूर्वापार मिळणारे शिंपले न भाजता नुसते कुटून वापरले तर ते डोलोमाइटचेच काम हळूहळू करतात. आठवड्याने दोनशे किलो शेण पाण्यात कालवून काठाकाठाने दिले आणि पुढे दर पंधरवड्याला थोडे थोडे शेण गोणीत भरून कोपऱ्यांत टांगले, म्हणजे ते तळाच्या जांभ्यावर न पडता पाण्यातच विरत राहिले. ढगाळ दिवशी गोण्या बाहेर काढल्या. ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात पाणी प्रथमच हिरवट झाले, आणि कोपरापर्यंत हात बुडवून पाहण्याची सवय घरातील लहान मुलांनाही लागली.

हाप्यांतून आठ सेंटिमीटरहून मोठी झालेली सहाशे बोटुकली मोजून खाणीत सोडली. हेक्टरी पाच ते दहा हजार बोटुकली हे सर्वसाधारण प्रमाण दहा गुंठ्यांना पाचशे ते हजार इतके होते. पाणी उत्तरोत्तर कमी होत जाणार असल्याने आम्ही खालच्या टोकाजवळ राहिलो. त्यात रोहू दोनशे ऐंशी, कटला दोनशे, मृगळ साठ आणि गवत्या (ग्रास कार्प) साठ होते. मृगळ तळाच्या गाळात चरणारा मासा आहे आणि येथे गाळच नव्हता, म्हणून त्याचा वाटा कापला. गवत्यासाठी बांधावरचे गवत रोज घालता येत होते आणि त्याच्या विष्ठेने पाण्याला खतही मिळाले. गवत्या परदेशी आहे, तरी साठलेल्या पाण्यात वीत नाही आणि जाळी पक्की झाली होती, म्हणून तेवढ्यापुरता तो स्वीकारला.

काढणी आणि विक्री

उभ्या भिंती आणि पायऱ्यांच्या तळामुळे खाणीत ओढजाळे फिरत नाही. पाणी उतरून मासे उत्तरेच्या खळग्यात गोळा होईपर्यंत थांबणे हाच मार्ग आहे, आणि तो फार लांबवता येत नाही, कारण कमी पाण्यात उन्हाने प्राणवायू पुन्हा घटतो. मार्चच्या अखेरीपासून आठवड्यातून दोनदा पागाने मासे काढून एप्रिलच्या मध्यापर्यंत खाण रिकामी केली. चारशेहून थोडे अधिक मासे मिळाले. कटला व गवत्या अर्ध्या किलोच्या वर गेले होते, रोहू त्याच्या जरा खाली होते आणि मृगळ कमी असूनही लहानच राहिले.

विक्रीची चिंता मालकांना सर्वांत जास्त होती, कारण बांगडा-सुरमई खाणाऱ्या घरांत तळ्याच्या माशाला मान नसतो. प्रत्यक्षात गिऱ्हाईक दारातच होते. आंब्याच्या बागांत राखणीला असलेले नेपाळी कामगार आणि बांधकामावरचे परप्रांतीय मजूर गोड्या पाण्यातील माशांवर वाढलेले असतात. त्यांना जिवंत रोहू मिळतो आहे हे कळल्यावर मासे बाजारात न्यावेच लागले नाहीत. गावातील घरांनी मातीच्या वासाची तक्रार केली. काही सूक्ष्म जीवांमुळे येणारा हा वास मासे काही दिवस उपाशी ठेवून स्वच्छ, वाहत्या पाण्यात राखल्यास कमी होतो. पुढील काढणीसाठी विहिरीजवळच्या सिमेंटच्या टाकीत तशी सोय करण्याचे ठरले आहे. 1 जून ते 31 जुलै या सागरी मासेमारी बंदीच्या काळात गोड्या पाण्यातील माशांना चांगला भाव येतो, परंतु या खाणीला त्याचा लाभ नाही. तोवर तिच्यातले मासे काढून झालेले असतात.

दोन गोष्टी अजून शिल्लक आहेत. खाण वडिलोपार्जित असून सातबाऱ्यावर मालकांबरोबर तीन चुलत भावांची नावे आहेत. पहिल्या वर्षी तोट्यात कोणी लक्ष घातले नाही, आता सहहिस्सेदारांची लेखी संमती घेणे गरजेचे झाले आहे. प्रधानमंत्री मत्स्यसंपदा योजनेसारख्या योजनेतून अनुदान मागायचे तरी जमिनीचे कागद आधी निर्विवाद असावे लागतात. दुसरी गोष्ट सुरक्षिततेची. उभ्या भिंतीच्या खाणीत घसरलेल्या माणसाला वर येण्यास आधार नसतो आणि गोणी ओढणारी, हापा घासणारी माणसे रोज काठावर असतात. पश्चिमेच्या भिंतीत कापलेल्या पायऱ्या आणि काठाने बांधलेला जाड दोर एवढे झाले आहे. सड्याच्या बाजूचे कुंपण पावसापूर्वी पूर्ण व्हायचे आहे आणि ते होईपर्यंत तिसऱ्या वर्षाचे बीज मागवू नये, असे मी मालकांना लेखी कळवले आहे. त्या वर्षासाठी मृगळ पूर्ण वगळून त्या साठांच्या जागी रोहू घ्यावेत आणि एकूण संख्या सहाशेच ठेवावी, असे आमच्यात ठरले आहे.